कामाचा पोरगा आणि पहिली फीत

परवा रात्री पुतण्याचा फोन आला. पोरगं 2019 ला फौजेत भरती झालेलं, म्हणजे सर्विस सहा वर्षांच्या वर गेली आता. सांगत होता, नाना, मला कंपनीतून (म्हणजे पलटणीतल्या माझ्या तुकडीतून) काढून ऑफिसला घेतलंय, कंप्युटर येतो ना मला म्हणून, साहेब खूश आहेत, रात्रीची संतरी ड्युटी नाही, पीटीला पण कधीकधी माफी मिळते, जरा आराम आहे आता. घरात सगळे खूश, वहिनी तर म्हणाली देवानं ऐकलं. मी फक्त विचारलं की बाबा तुझं मॅप रीडिंग (नकाशा वाचायची परीक्षा) पास झालं का आणि केडरला, म्हणजे प्रमोशनच्या कोर्सला, नाव कधी लागणार. तर म्हणतो, होईल ओ नाना, साहेब म्हणालेत काळजी करू नको.

चोवीस वर्षं नोकरी केली मी, शिपाई म्हणून गेलो आणि हवालदार म्हणून आलो, आणि हे "होईल ओ" मी किती पोरांच्या तोंडून ऐकलंय ते सांगता येणार नाही. एकदा माझ्या स्वतःच्या तोंडात पण हेच होतं. म्हणून लिहितोय, गावातली जी पोरं आत आहेत त्यांनी वाचावं आणि त्यांच्या घरच्यांनी तर नक्की वाचावं.

बाहेरच्या लोकांना वाटतं की फौजेत वर्षं भरली की आपोआप प्रमोशन होतं. तसं नाही. शिपायाच्या वर एक फीत म्हणजे लान्स नायक, दोन फिती नायक, तीन फिती हवालदार, आणि तिथून पुढे जेसीओ साहेब लोक म्हणजे नायब सुभेदार, सुभेदार, सुभेदार मेजर. (शिपायाला तोफखान्यात गनर म्हणतात, इंजिनियर्समध्ये सॅपर, रायफल रेजिमेंटमध्ये रायफलमन, पण पायरी तीच.) यातलं लान्स नायक ही नियुक्ती असते, पक्की रँक नाही. खरी पहिली रँक म्हणजे नायक. आणि ती मिळायला जागा रिकामी पाहिजे, सीनियॉरिटीत तुमचा नंबर जवळ आलेला पाहिजे, आणि त्या दिवशी तुम्ही सगळ्या बाबतीत क्वालिफाय पाहिजे. जागा आणि नंबर आपल्या हातात नाहीत. वरचा माणूस पेन्शन गेला किंवा वर सरकला की जागा होते, आणि सरकार कधीतरी जागा वाढवतं, 2017 मध्ये जवान आणि जेसीओंच्या केडर रिव्ह्यूमध्ये, म्हणजे जागांच्या फेरआढाव्यात, जवळपास 1 लाख 45 हजार वरच्या जागा मंजूर झाल्या होत्या, पाच वर्षांत टप्प्याटप्प्याने द्यायच्या, त्यात सगळ्यात मोठा वाटा नायक आणि हवालदारांचाच होता. त्याआधीचा तसा रिव्ह्यू 1984 चा! म्हणजे मधली तेहतीस वर्षं किती माणसं शिपाई म्हणून आली आणि शिपाई म्हणूनच घरी गेली ते बघा.

क्वालिफाय होणं मात्र आपल्या हातात असतं, आणि पोरं मार खातात ती तिथंच.

काय काय लागतं? आर्मी एज्युकेशनचं सर्टिफिकेट, थर्ड क्लास, सेकंड क्लास, फर्स्ट क्लास अशा पायऱ्या, वरच्या रँकला वरची पायरी. मॅप रीडिंग. ट्रेडवाल्यांना ट्रेड टेस्ट. मेडिकल शेप वन, म्हणजे सगळ्या बाजूनं फिट. फायरिंग, बीपीईटी म्हणजे अंगातल्या ताकदीची परीक्षा, त्यात हत्यार आणि सामान अंगावर घेऊन 5 किलोमीटर पळायचं, दोर चढायचा, 9 फुटाचा खड्डा ओलांडायचा. शीट रोल, म्हणजे नोकरीच्या नोंदींचा कागद, साफ पाहिजे. आणि मग प्रमोशन केडर.

केडरबद्दल जरा सविस्तर सांगतो, कारण माझ्या मते फौजेतली सगळ्यात चांगली शाळा हीच. तिथं पहिल्या दिवशी कळतं की आतापर्यंत आपण फक्त ऐकत आलो होतो. शिपाई हुकूम ऐकतो, नायकाला हुकूम द्यावा लागतो. ड्रिलच्या मैदानात एका टोकाला उभं करतात आणि दुसऱ्या टोकाच्या स्क्वॉडला वर्ड ऑफ कमांड द्यायला लावतात, पहिल्या आठवड्यात भल्याभल्यांचा घसा बसतो, पाय कुठला जमिनीवर असताना हुकूम सोडायचा हेच कळत नाही. मग वेपन ट्रेनिंगचा लेसन, म्हणजे रायफल खोलणं जोडणं जे आपण डोळे झाकून करतो तेच दहा जणांसमोर उभं राहून शिकवायचं, तेव्हा समजतं की हाताला येतं पण तोंडाला येत नाही. सँड मॉडेलवर (वाळूत केलेल्या नकाशावर) सेक्शनचा, म्हणजे नायकाच्या हाताखालच्या छोट्या तुकडीचा हल्ला, फायर ऑर्डर, जबानी हुकूम, पेट्रोलिंगची तयारी. मराठी मुलखातल्या पोरांना एक जास्तीची अडचण, हे सगळं हिंदीत, आणि फौजेची हिंदी पण वेगळीच. मी रोज संध्याकाळी बॅरेकच्या मागे जाऊन झाडाला जबानी हुकूम द्यायचो. आठवडाभरानं बघितलं तर अजून तिघं वेगवेगळ्या झाडांना हुकूम देत होते.

हे सगळं एका रँकसाठी एवढं कशाला असं कुणाला वाटेल. शिवकाळात पायदळात नऊ-दहा पायकांवर एक नाईक असायचा आणि पाच नाईकांवर हवालदार. आजची इन्फंट्रीची सेक्शन पण दहा जणांचीच! तीनशे-साडेतीनशे वर्षांत हत्यारं सगळी बदलली पण एक माणूस आवाजाच्या टप्प्यात किती जणांना सांभाळू शकतो तो आकडा बदलला नाही. आणि वेळ आली की त्या एका माणसावर काय येतं ते आपल्या रायगड जिल्ह्यातल्या यशवंतराव घाडगे यांच्याकडे बघा. नायक होते, मराठा लाइट इन्फंट्री, इटलीत 10 जुलै 1944. सेक्शन त्यांच्या हाताखाली होती, जवळून मशीनगनचा फायर आला आणि त्यांच्याशिवाय सेक्शनमधला प्रत्येक माणूस पडला नाहीतर जखमी झाला. ते एकटे त्या मशीनगनवर चालून गेले, ग्रेनेड टाकून गन बंद केली, एकाला गोळी घातली, मॅगझिन बदलायला वेळ नव्हता तर उरलेल्या दोघांना बंदुकीनं ठोकून मारलं, आणि मग स्नायपरची गोळी लागून तिथंच गेले. मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस. दोन फितींचा माणूस. त्या वेळी विचारायला वर कोणी नसतो, म्हणून केडरमध्ये एवढं घासतात.

आता माझं सांगतो. सर्विसच्या चौथ्या वर्षी मला मेसवर लावलं. मी कामाला चोख होतो, हिशेब बरोबर, भांडं हरवत नव्हतं, सकाळी चारला उठायला कुरकुर नव्हती. सहा महिन्यासाठी म्हणून गेलो आणि दोन वर्षं झाली. मॅप रीडिंगचा क्लास लागला की त्याच आठवड्यात काहीतरी मोठा कार्यक्रम असायचा आणि निरोप यायचा की याला सोडू नका, याच्याशिवाय चालणार नाही. मला ते ऐकून बरं वाटायचं. खरं सांगतो, अभिमान वाटायचा. माझ्याच बराकीतला एकजण, कामाला कायम मागे मागे, त्याला कोणीच कुठल्या ड्युटीवर मागायचं नाही, त्यामुळे तो आपोआप प्रत्येक क्लासला बसायचा. केडरची यादी लागली तेव्हा त्याचं नाव होतं, माझ्या मागच्या बॅचची दोन पोरं होती आणि मी नव्हतो, कारण माझं सर्टिफिकेट पण अर्धवट आणि मॅप रीडिंग पण नाही. पुढे पार्ट टू ऑर्डर, म्हणजे प्रमोशनचा लेखी हुकूम निघाला, त्या पोरांना फिती लागल्या, आणि ज्यांना मी मच्छरदाणी बांधायला शिकवलं होतं त्यांना दुसऱ्या दिवसापासून उस्ताद म्हणायला लागलो. त्यांनी कधी माज केला नाही, चांगली पोरं होती. पण रोल कॉलला त्यांचा आवाज यायचा तेव्हा छातीत काहीतरी व्हायचं.

साहेब लोकांना मी दोष देत नाही, कोणी मुद्दाम केलं नव्हतं, आणि हीच तर अडचण आहे. कामाचा पोरगा मागे राहतो कारण तो कामाचा आहे. प्रत्येकाला तो आपल्याजवळ पाहिजे, स्टोअरला, लंगरला (स्वयंपाकघरात), ऑफिसला, गाडीवर, आणि प्रत्येकजण म्हणतो एवढं वर्ष जाऊ दे पुढच्या वेळी बघू. आणि तो स्वतः बोलत नाही कारण बोलणाऱ्या जातीचा असता तर त्याला तिथं ठेवलाच नसता.

मला बाहेर काढलं आमच्या त्या वेळच्या कंपनी हवालदार मेजरनी, म्हणजे कंपनीच्या ड्युट्या लावणाऱ्या हवालदारांनी. स्वतः जाऊन भांडले, माझ्या जागी दुसरा माणूस दिला आणि मला म्हणाले, तेरा काम अच्छा है ये सब जानते हैं, पर शीट रोल में काम नहीं लिखा जाता, पास लिखा जाता है. रात्री नऊ ते दहा समोर बसवून नकाशा शिकवला. पुढच्या केडरला गेलो, पास झालो, पण जागा भरल्या होत्या, मग परत थांबलो. एकूण तीन वर्षं गेली माझी. आणि ती तीन वर्षं नंतर कुठेच भरून येत नाहीत, कारण हवालदारकी तेवढीच पुढे गेली आणि नायब सुभेदार होण्याआधी माझी वर्षं संपली.

कोणी म्हणेल पगार तर मिळतोच ना. हो, एमएसीपी आहे, प्रमोशन नाही झालं तरी 8, 16 आणि 24 वर्षांना पगाराची पायरी वर जाते. सातव्या वेतन आयोगात शिपायाचं बेसिक 21,700 पासून आणि नायकाचं 25,500 पासून, तर आठ वर्षांनी शिपायाला नायकाचा पगाराचा स्तर मिळतो. चांगली सोय आहे, घर चालतं. पण रँक मिळत नाही, आणि कोण किती वर्षं नोकरीत राहणार ते रँकवर ठरतं. शिपाई म्हणून राहिला तर पेन्शनची पंधरा वर्षं करून थोड्याच वर्षांत घरी, ऐन चाळिशीच्या आत, जेव्हा पोरांची शाळा चालू असते. नायक, हवालदार झाला तर अजून काही वर्षं मिळतात. आणि हो, हातात आलेलं प्रमोशन नको म्हणून लिहून दिलं तर एमएसीपीवर पण पाणी सोडावं लागतं, हे माहीत नसताना घराजवळची पोस्टिंग सुटू नये म्हणून सही करून मोकळी झालेली माणसं मी बघितलीत.

रजेवरून उशिरा जाणं, ओएसएल, याबद्दल घरच्यांना हात जोडून सांगतो. बहिणीचं लग्न आहे, दोन दिवस थांब, काय फरक पडतो, असं म्हणू नका. सीओ साहेबांसमोर, म्हणजे पलटणीच्या मुख्य साहेबांसमोर, उभं राहावं लागतं, शिक्षा झाली तर लाल शाईची नोंद होते आणि ती प्रमोशनच्या वेळी समोर येऊन बसते. खरंच अडचण असेल तर आधी फोन करून रजा वाढवून मागायची, बहुतेक वेळा मिळते.

आता सगळ्यात अवघड गोष्ट लिहितो. पुढे मी स्वतः कंपनी हवालदार मेजर झालो. नफरी (माणसांची संख्या) कमी, अर्धी कंपनी पोस्टवर, अर्धी रजेवर, आणि वरून रोज नवीन डिमांड. स्टोअरला एक पोरगा होता, असा की अंधारात पण कुठली पेटी कुठं आहे सांगायचा. केडरची यादी करायची होती आणि त्याच वेळी इन्स्पेक्शन. मी त्याला म्हणालो, बेटा, पुढच्या वेळी. तो "जी उस्ताद" म्हणाला आणि कामाला लागला. माझ्याबरोबर जे झालं होतं ते मला पूर्ण आठवत होतं तरी मी हे केलं. पुढच्या वेळेपर्यंत त्याच्या गुडघ्याला लागलं, मेडिकल कॅटेगरी खाली गेली, आणि मग काय, थांबला तो. त्याच्या घरी कोणाला माझं नाव माहीत नसेल पण मला त्याचा आर्मी नंबर पाठ आहे. तेव्हापासून एक नियम केला, नवीन पोरगं कंपनीत आलं की पहिल्या महिन्यात त्याला कागदावर लिहून द्यायचं की तुला काय काय पास करायचंय, आणि कुठल्याही ड्युटीवर एका वर्षाच्या वर कोणी नाही, मग तो कितीही चांगला असो. शेवटची चार वर्षं पाळला हा नियम. त्रास झाला, बोलणी खाल्ली, स्टोअरच्या पेट्या इकडच्या तिकडे झाल्या. पण त्या चार वर्षांत माझ्या कंपनीतला एक पण पोरगा कागद अपुरे म्हणून यादीतून सुटला नाही.

हा नियम कोण्या एका हवालदाराच्या मर्जीवर का असावा? प्रत्येक पलटणीत असायला पाहिजे. आता अग्निवीरांचं तर चारच वर्षांत सगळं ठरतं, कामगिरी बघून जास्तीत जास्त 25 टक्के पुढे घेणार. तिथं दोन वर्षं एखादं पोरगं फक्त ऑफिसच्या खुर्चीवर बसलं, मैदानावर कमी पडलं, तर त्याला पुढची वेळच नाही. त्या पोरांसाठी तर हे कुणीतरी वर बसलेल्यानं डोक्यात घ्यावं अशी माझी मनापासून विनंती आहे.

पुतण्याला काल मी परत फोन केला, जवळपास तासभर बोललो. साहेबांशी वाकडं बोलायचं नाही, काम सोडतो म्हणायचं नाही, सरळ इंटरव्ह्यू, म्हणजे भेटीची वेळ मागायची आणि सांगायचं की साहेब माझ्या जागी एक माणूस मी तयार करतो, महिन्याभरात सगळं शिकवतो, मला क्लासला आणि केडरला सोडा. थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, नाना, बॅक बेअरिंग (नकाशावर उलट्या दिशेचा कोन) काढताना 180 कधी मिळवायचे आणि कधी वजा करायचे? मी सांगितलं, बेअरिंग 180 पेक्षा कमी असेल तर मिळव, जास्त असेल तर वजा कर. मग त्यानं तीन उदाहरणं माझ्याकडून घेतली, दोन बरोबर आली, तिसरं चुकलं. आज रात्री नऊला परत फोन करणार आहे.