नाक शाबूत ठेवू इच्छिणाऱ्यांसाठी

आपण नाशिककर असाल तर निषिद्ध इच्छांच्या बाबतीत आपली जबाबदारी थोडी अधिकच आहे, कारण मनातली इच्छा उघड बोलून दाखविणाऱ्या शूर्पणखेचे नाक आपल्या पंचवटीतच कापले गेले, अशी आख्यायिका आहे. तेव्हा इच्छा झाली तरी वाच्यता होऊ देऊ नये.

इच्छा निग्रहाने दडपावी, हे उत्तम. डॅनियल वेग्नर या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९८७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात काही जणांना पांढऱ्या अस्वलाचा विचार करू नका, असे बजावले होते. तरी ते मनात येत राहिलेच, आणि नंतर मुभा मिळताच, ज्यांना पहिल्यापासून मुभा होती त्यांच्याहूनही यांना ते अधिक वेळा आठवले. यावरून खचू नये. ते अस्वल संस्कारहीन असावे.

दडपलेल्या इच्छेला बाहेर पडायला सभ्य वाट लागते, आणि दुसऱ्याच्या इच्छेइतकी सभ्य वाट नाही. सोमेश्वरच्या धबधब्यापाशी एखादे जोडपे बसलेले दिसले तर पाठ फिरवून निघून जाऊ नये. पुरेसा वेळ थांबून, सर्व बारकावे नीट पाहून मगच संतापावे, आणि गंगापूर रोडवरील आपल्या सोसायटीत परतल्यावर 'सांगायलासुद्धा लाज वाटते' या प्रस्तावनेसह तो तपशील निदान चार घरी सांगावा. ऐकणाऱ्याने 'शी!' म्हणून लगेच 'मग पुढे?' असे विचारले, की संस्कृतिरक्षण मार्गी लागले असे समजावे. निषिद्ध गोष्ट करणाऱ्याचा धाक वाटतो तो त्याचे पाहून इतरांनाही मोह होईल म्हणून, असे मनोविश्लेषक फ्रॉइडने १९१३ मध्येच लिहून ठेवले आहे. पण फ्रॉइड सोसायटीचा सभासद नव्हता.

सप्टेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेबाहेर काढले आणि त्याच महिन्यात व्यभिचाराचे कलमही रद्द केले. हे निकाल आपल्या वार्षिक सर्वसाधारण सभेपुढे आलेले नसल्याने, घर भाड्याने मागणाऱ्या दोघा तरुणांना 'तुम्ही एकमेकांचे कोण?' असे विचारण्याचा आपला हक्क अबाधित आहे.

र. धों. कर्व्यांनी १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' मासिकात लैंगिक विषयांवर सरळ मराठीत लिहिले आणि अश्लीलतेचे खटले ओढवून घेतले. आपण तसे करू नये. शंका आलीच, तर ओळखीचे कोणी भेटणार नाही अशा बेताने नाशिकरोडच्या डॉक्टरांकडे जावे आणि 'माझ्या एका मित्राला' अशी सुरुवात करावी. मित्राचा रक्तदाब आपल्या दंडावर तपासला जाईल, त्याला हरकत घेऊ नये.