आपलं गाव विकिपीडियावर कसं चढवावं

मराठी विकिपीडिया 1 मे 2003 पासून तुमचीच वाट पाहतो आहे, हे आधी मनाशी पक्कं करा. इतकी वर्षं तिथे जे फुकट राबले, ते सगळे तुम्ही येईपर्यंतची बदली माणसं. त्यामुळे खातं उघडल्यावर 'धूळपाटी'कडे ढुंकूनही पाहू नका. नवख्यांचा हात बसावा म्हणून ते पान ठेवलंय. गिरवायला तुम्ही काय बालवाडीत आहात?

विषय अर्थातच आपलं गाव. त्याचं पान बहुधा आधीच असेल: भौगोलिक स्थान, हवामान, लोकजीवन, प्रेक्षणीय स्थळे असे मथळे ओळीने मांडलेले आणि खाली शुकशुकाट. पानं मांडून वाढपीच पळून गेल्यासारखा. तिथे शाळा, पिकं, ओढा, 2011 च्या जनगणनेतली लोकसंख्या असलं रूक्ष काही वाढू नका. लिहा, 'निसर्गाच्या कुशीत वसलेले, संतांच्या पदस्पर्शाने पावन झालेले टुमदार गाव'. हे वाक्य शेजारच्या गावालाही जसंच्या तसं बसतं, म्हणजे मेहनत एकदाच. 'लोकजीवन'खाली सरपंचांच्या वाढदिवसाचा फ्लेक्स उतरवून काढा, कार्यसम्राटपासून शुभेच्छुकांपर्यंत. सरपंच तुमचे सख्खे काका आहेत हे चर्चा पानावर सांगायची गरज नाही. आडनावावरून कळतंच.

मग कोणीतरी 'संदर्भ हवा' असं चिकटवून जाईल. 'गावात कोणालाही विचारा' एवढ्यावर भागलं नाही, तर खात्रीचा उपाय आहे. देऊळ 'दोन हजार वर्षांपूर्वीचे हेमाडपंती' असल्याचं ठोकून द्या. हेमाडपंत 13व्या शतकात यादवांच्या पदरी होता, ही किरकोळ अडचण. जत्रेच्या दिवसांत एखादा घाईतला बातमीदार ते वाक्य उचलेल, बातमी छापून येईल, की तीच बातमी संदर्भ म्हणून जोडून टाका. आपलीच थाप पेपरात जाऊन शिक्का मारून घरी परत येते. केतकरांनी ज्ञानकोशाचे 23 खंड काढले, पण हा मार्ग काही त्यांना सुचला नाही.

तुमचं लिखाण कोणी उलटवलं तर कारण वाचू नका, पुन्हा टाका. त्याने पुन्हा काढलं तर पुन्हा टाका. चर्चा पानावर जायचंच झालं तर 'तुम्ही मराठीचे शत्रू आहात' एवढं लिहून निघा. शेवटी चार नागमोडी चिन्हं टाकली की सही उमटते, म्हणून ती तेवढी टाकू नका. नाव 'इतिहास' या कळीखाली दिसतंच म्हणा, पण तिथे कोण जातं? (मी गेलो होतो. आजोळच्या पानावर मी घातलेलं 'निसर्गरम्य' कोणीतरी केव्हाच काढलंय, पण मी ते रात्री किती वाजता घातलं हे मिनिटासकट तिथे आहे.)

एवढं करूनही प्रचालकांनी खातं गोठवलंच, तर खचू नका. काकूंच्या नावाने दुसरं उघडा आणि पहिल्या खात्याला चर्चेत जाहीर पाठिंबा द्या. दोघांच्या शुद्धलेखनाच्या चुका सारख्याच का, असं कोणी विचारलं, तर ती आमच्या गावची बोली आहे म्हणून सांगा. संदर्भ मागितला तर पेपरात येईपर्यंत थांबायला सांगा.