‘आधी अँटीव्हायरस बंद करा’

मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून पीसी असेंबल करून आणलेल्या कुणालाही विचारा, विंडोजचे वेगळे पैसे मोजल्याचं आठवणार नाही. ‘विंडोज मारून देतो’ हे त्यातच आलं. २००१ मध्ये विंडोज एक्सपीसोबत, प्रत विकत घेतलेली आहे का हे मायक्रोसॉफ्ट तपासतं ते अ‍ॅक्टिव्हेशन आलं खरं, पण कंपन्यांसाठीची एक की (परवान्याचा कोड) एक्सपी बाजारात यायच्या आधीच फुटली होती. एफसीकेजीडब्ल्यूने सुरू होणारी ती की कित्येकांना तोंडपाठ होती.

विंडोज व्हिस्टापासून मोठ्या ऑफिसांसाठी केएमएस ही अ‍ॅक्टिव्हेशनची पद्धत आली. ऑफिसातलाच एक सर्व्हर बाकीच्या मशीनना १८० दिवसांची मुदत देतो, आणि ती संपायच्या आत मशीन पुन्हा विचारून घेतं. फुकटात अ‍ॅक्टिव्हेट करून देणारी केएमएसपिकोसारखी टूल्स असा खोटा सर्व्हर तुमच्याच पीसीत उभा करतात. मशीन स्वतःलाच विचारतं आणि स्वतःच ‘हो’ म्हणतं. डोकं लावलंय, यात वाद नाही.

फुकटेगिरीवर मी प्रवचन देणार नाही. (१९९८ मध्ये खुद्द बिल गेट्स चीनबद्दल म्हणाले होते की चोरणारच असतील तर आमचंच चोरू देत, वसुलीचं पुढे बघू.) मला खटकते ती अशा टूलसोबत येणारी सूचना: आधी अँटीव्हायरस बंद करा. टूल ‘साधं’ असो की आत व्हायरस भरलेलं, अँटीव्हायरस दोन्हींवर ओरडतो. मग कोणतं ओरडणं खरं, हे तुम्ही ओळखणार कसं? नेमका याचाच फायदा घेतला जातो. २०२१ मध्ये केएमएसपिकोच्या नकली इन्स्टॉलरमधून ब्राउझरमधले पासवर्ड चोरणारा क्रिप्टबॉट पसरला. युक्रेनमध्ये तर रशियन लष्करी गुप्तचरांच्या सँडवर्म टोळीने अशाच नकली अ‍ॅक्टिव्हेटरमधून लोकांच्या पीसीत शिरकाव केल्याचं २०२५ मध्ये उघड झालं.

ओळखीतल्या एका डीटीपीवाल्याच्या पीसीवर डिफेंडरची (विंडोजच्या स्वतःच्या अँटीव्हायरसची) एक्सक्लूजन यादी, म्हणजे जे तो तपासत नाही त्याची यादी, उघडून बघितली. अख्खा सी ड्राइव्ह त्यात! वर हिरवी टिक, सगळं आलबेल. जीएसटीचं लॉगिन आणि नेटबँकिंग त्याच पीसीवर.

आणि एवढा आटापिटा कशासाठी? अ‍ॅक्टिव्हेट न केलेलं विंडोज १० किंवा ११ बंद पडत नाही. कोपऱ्यात फिकट अक्षरं येतात आणि सेटिंगमधून वॉलपेपर, रंग बदलता येत नाहीत, इतकंच. विंडोज ११ ला सिक्युरिटी अपडेट येत राहतात; विंडोज १० चे नेहमीचे अपडेट मात्र ऑक्टोबर २०२५ मध्येच थांबले. लायसन्सच्या दृष्टीने तेही बरोबर नाही, पण निदान घराची किल्ली तरी परक्याच्या हाती जात नाही.

ती यादी आज तुमच्याही पीसीवर उघडा. तुम्ही न घातलेलं काही दिसलं, तर दुसऱ्या, स्वच्छ मशीनवरून आधी बँकेचे आणि ईमेलचे पासवर्ड बदला, मगच फॉरमॅट मारा. आणि यावेळी पेनड्राइव्ह ‘विंडोज मारून देणाऱ्या’ मित्राचा नको.