तुरुंगातल्या कामाचा दाखला कोण देणार?

कोलवाळच्या मध्यवर्ती कारागृहात सश्रम कारावास भोगून माझा भाचा घरी आला, त्याला आता बराच काळ लोटला आहे, आणि त्याला अजून कोणीही कामावर ठेवलेले नाही. मारामारीच्या प्रकरणात त्याला झालेली शिक्षा योग्यच होती आणि ती त्याने पूर्ण भोगली. माझा संताप आहे तो त्यानंतर जे चालले आहे त्याबद्दल.

आत असताना तो स्वयंपाकघरात कामाला होता. पहाटे उठून शेकडो माणसांचा चहा, मग भाताची मोठमोठी भांडी, डाळ, भाजी, चपात्यांची रास, आणि संध्याकाळी पुन्हा तेच. एवढे रांधणारा माणूस गोव्यात बेकार राहावा, ही गोष्ट मला कोणत्याही हिशेबाने पटत नाही. पर्यटनाचा हंगाम तोंडावर आला की कळंगुट-कांदोळी पट्ट्यातील हॉटेलमालक स्वयंपाकघरात माणसे मिळत नाहीत म्हणून गळा काढतात. अशाच एका हॉटेलात त्याला रांधून दाखवायला सांगितले, त्याच्या हाताची चव पसंत पडली, पगाराचे बोलणेही झाले, आणि मग पोलिसांचा वर्तणुकीचा दाखला आणायला सांगितले. त्याने काहीही न लपवता शिक्षेची हकीकत सांगितली, तेव्हा ‘कळवतो’ एवढेच उत्तर मिळाले. पुढे कोणी काही कळवले नाही. इतर ठिकाणीही हेच घडले. सुरक्षारक्षकाच्या नोकरीचा तर विचारच नको, कारण तिथे पूर्वचारित्र्याची पडताळणी खासगी सुरक्षा संस्थांसाठीच्या २००५ च्या कायद्यानेच बंधनकारक केली आहे.

मला चीड येते ती याची, की त्याच्या गुन्ह्याची नोंद सरकारने जपून ठेवली आहे, परंतु त्याच सरकारने त्याच्याकडून वर्षानुवर्षे करून घेतलेल्या कामाचा एक कागदही त्याच्या हाती दिलेला नाही. सश्रम कारावासात काम करणे ही कैद्याची मर्जी नसते, ते करावेच लागते. त्याला ‘सुधारणा’ म्हणतात, ‘पुनर्वसन’ म्हणतात, भाषणे होतात, आणि सुटकेच्या दिवशी ते काम जणू झालेच नव्हते. मजुरीचीही तीच कथा. कैद्यांच्या श्रमाला न्याय्य मोबदला दिला पाहिजे आणि त्यातला काही भाग गुन्ह्याची झळ पोचलेल्या व्यक्तीसाठी बाजूला काढला पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच सांगितले आहे. माझ्या भाच्याच्या हाती आलेली रक्कम घेऊन म्हापशात महिनाभराचे खोलीभाडे भरणेही कठीण होते.

कच्च्या कैद्यांची अवस्था याहून वाईट आहे. २०२२ च्या अखेरीस देशातील ५,७३,२२० कैद्यांपैकी ४,३४,३०२ जणांचे खटले अजून चालू होते. अशा कैद्यावर कामाची सक्ती करता येत नाही हे योग्यच आहे, पण त्यामुळे कित्येकांची वर्षे काहीही न शिकता, काहीही न कमावता जातात, आणि पुढे निर्दोष सुटलेल्या माणसालाही ‘मधली वर्षे कुठे होतास?’ या प्रश्नाला उत्तर द्यावे लागते.

हॉटेलमालकांवर मी सगळा दोष टाकणार नाही. त्यांच्यासमोर येणाऱ्या कागदावर गुन्हा तेवढा दिसतो आणि माणसाने पुढे काय केले ते दिसत नाही. म्हणून कारागृह खात्याने आणि मजूर खात्याने मिळून प्रत्येक सुटणाऱ्या कैद्याला कामाचा दाखला दिलाच पाहिजे, त्यावर कामाचा प्रकार, कालावधी आणि वर्तणूक लिहिलेली असली पाहिजे, आणि सरकारी वसतिगृहांच्या व इस्पितळांच्या स्वयंपाकघरांनी तो दाखला सर्वांत आधी मान्य केला पाहिजे. कैद्याने रांधलेले जेवण सरकारला इतकी वर्षे चालले, तर त्याच माणसाला पगारावर ठेवायला सरकारची हरकत का असावी, याचे उत्तर मला हवे आहे.