वाळूची गाडी "48 तासांत सुटतेच" म्हणणाऱ्या मेसेजचं काय खरं नाही

"वाळूची गाडी पकडली तर घाबरू नका, तहसीलदाराला गाडी जप्त करायचा अधिकारच नाही, 48 तासांत गाडी सोडावीच लागते, सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे, मालक गाडीत नसेल तर त्याच्यावर काही येत नाही आणि दंड भरला की विषय मिटला." ट्रॅक्टर-हायवावाल्यांच्या ग्रुपवर फिरणारा हा मेसेज तुम्हालाही आला असेल. यातलं काही साफ खोटं आहे, काही अर्धवट उचललंय, आणि गंमत म्हणजे मालकाच्या खरोखर कामाचे जे मुद्दे आहेत ते यात नाहीतच.

तहसीलदाराचं आधी बघू. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966, कलम 48 पोटकलम 8. कलेक्टरने अधिकार दिलेला तहसीलदार वाळू, मशीन, गाडी सगळं जप्त करू शकतो, सरळ लिहिलंय. हां, पण पुढचा भाग वाचा, जप्त केलेली गाडी सोडायची की नाही हे ठरवायचं कलेक्टरने किंवा त्यांनी नेमलेल्या डेप्युटी कलेक्टर दर्जाच्या अधिकाऱ्याने, म्हणजे बहुतेक ठिकाणी प्रांतसाहेब. त्यामुळे गाडीवरच्या दंडाचा हुकूम तहसीलदारानेच काढला असेल किंवा जप्ती नुसत्या तलाठ्याच्या सहीवर झाली असेल तर वकिलाला तिथे बोलायला जागा आहे. "अधिकारच नाही" म्हणून अर्ज ठोकला तर मात्र पहिल्याच तारखेला तोंडघशी पडाल.

48 तास हा आकडा त्याच कलमातला आहे. पण ती मुदत गाडी त्या वरच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायची, सोडायची नाही. मुदत चुकली तर अर्जात जरूर लिहा, पण चुकली म्हणून गाडी आपोआप सुटते असं कलमात कुठेही नाही. गाडी सुटते ती ठरलेला दंड भरून आणि पुन्हा असल्या कामाला वापरणार नाही असा बॉण्ड देऊन. 2018 पासून नियमांत गाडीनुसार दंड आहे, ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, पोकलेनला साडेसात लाख, आणि वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंतचा दंड वेगळा. पंचनाम्यात किती ब्रास (वाळू मोजायचं माप) लिहिलेत ते म्हणूनच नीट बघायचं, ट्रॉलीत मावत नाही एवढी वाळू कागदावर मावलेली असते कधी कधी.

आता सुप्रीम कोर्ट. मेसेजमध्ये नाव नाही, पण रोख सुंदरभाई अंबालाल देसाई वि. गुजरात राज्य या 2002 च्या निकालाकडे दिसतो. त्यात कोर्टाने म्हटलं की पोलिसांनी जप्त केलेल्या गाड्या ठाण्यात सडवत ठेवू नका, फोटो-पंचनामा करा, बॉण्ड आणि तारण घ्या आणि गाडी ताब्यात द्या. चांगला निकाल आहे, पण तो फौजदारी केसच्या मुद्देमालाबद्दल आहे. पोलिसांनी चोरीचा गुन्हा दाखल करून गाडी घेतली असेल तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करताना (पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 451 आणि 457, आता नागरिक सुरक्षा संहितेचं 497 आणि 503) तो दाखवा, उपयोग होतो. महसूलवाल्यांनी जमीन महसूल संहितेखाली गाडी तहसीलच्या आवारात लावली असेल तर आधी प्रांताचं दार, तिथे नुसता हा निकाल पुढे करून भागत नाही. त्यामुळे पहिला प्रश्न एकच, गाडी कुणी आणि कुठल्या कलमाखाली घेतली? बरेच मालक हा कागद न बघताच चार ठिकाणी पळतात आणि तोवर बॅटरी गेलेली, टायर गेलेले, फायनान्सचा हप्ता मात्र चालूच.

मालक गाडीत नव्हता, हा मुद्दा तर अगदीच पोकळ. दंड आणि बॉण्ड कायद्याने मालकाकडूनच मागितलाय. ड्रायव्हरने परस्पर नेली असेल तर ते फौजदारी केसमध्ये मांडता येईल, गाडी सोडवायला तुम्हालाच जावं लागणार.

सगळ्यात घातक ते शेवटचं, दंड भरला की संपलं. जयंत वि. मध्य प्रदेश, डिसेंबर 2020, सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलंय, दंड भरून तडजोड केली तर केंद्राच्या खाण कायद्याखालची केस थांबेल, पण चोरीचा गुन्हा चालूच राहू शकतो, कारण नदीतली वाळू सरकारची मालमत्ता आहे. 2014 च्या संजय प्रकरणातही हेच होतं, दोन्ही कायदे एकाच वेळी लागू शकतात. आणि वारंवार सापडणाऱ्यांसाठी 2015 पासून एमपीडीएत, म्हणजे धोकादायक लोकांना खटल्याआधीच डांबून ठेवायच्या राज्याच्या कायद्यात, "वाळू तस्कर" घातलेत, म्हणजे थेट स्थानबद्धता. पावती घेऊन निर्धास्त बसलेल्या माणसाला समन्स येतं तेव्हा तो मेसेज पाठवणारा फोन उचलत नाही.

आणि काही जण रात्रीतून तहसीलच्या आवारातली गाडी काढून नेतात, "माझीच गाडी आहे" म्हणत. असं करू नका राव, सरकारी ताब्यातली गाडी पळवली म्हणून स्वतःच्याच गाडीच्या चोरीचा गुन्हा लागतो.

करायचं काय तर जप्तीचा पंचनामा आणि हुकूम, दोन्हीची प्रत मागून घ्या, वाहतूक पास असेल तर त्यावरची वेळ आणि गाडी नंबर पंचनाम्याशी ताडून बघा, भांडण बऱ्याचदा तिथेच असतं. हुकूम कलेक्टरच्या खालच्या अधिकाऱ्याचा असेल तर अपिलाला 60 दिवस मिळतात, हुकूम हातात पडल्यापासून.