काकूचं बालपण आणि शकुनीचे फासे

"काकू मुळात वाईट नाहीये रे. लोकांनी तिला वाईट बनवलंय," असं पक्या म्हणाला आणि त्याचा आवाज खरोखर जड झाला, तेव्हा दिल्यानं मोबाइल खिशात टाकला. म्हणजे आता तासाभराची निश्चिंती.

सोमवारपासून मालिकेतल्या काकूचा फ्लॅशबॅक सुरू झालाय. आमच्या कट्ट्यावर मालिका कुणीच बघत नाही. पक्याची आई बघते, पक्या फक्त बाजूला असतो. दिल्याची बायको बघते, त्या वेळी दिल्या जेवत असतो. नाना बातम्या लावायला जातात आणि रिमोट सापडत नाही. तरीपण काकूनं आजवर काय काय केलं याची यादी तिघांनी मिळून न अडखळता पूर्ण केली. दागिने लपवले, खिरीत काहीतरी कालवलं, थोरल्याला धाकट्याविरुद्ध भरवलं, आणि आता सुनेचं परीक्षेचं हॉल तिकीट गॅसवर धरून जाळलं.

"का जाळलं?" पक्यानं विचारलं आणि स्वतःच उत्तर दिलं. "कारण तिला स्वतःला सातवीतून काढलं होतं. बापानं दप्तर विहिरीत टाकलं. ते दप्तर पाण्यात बुडतं तो शॉट बघितलास का तू? मी तर..."

"तू तर बाजूला होतास," वैशाली म्हणाली.

ती नुकतीच येऊन टेकली होती. पक्या आणि ती कॉलेजपासून भांडतायत आणि पक्या कॉलेजपासून हरतोय.

"मी बघितला तो शॉट," ती म्हणाली. "पोरीचा फ्रॉक फाटका, पण फाटक्या फ्रॉकला कडक इस्त्री. आणि दप्तर बुडताना अख्खं मिनिट बासरी वाजत होती. एक सांग, दप्तर कुणी टाकलं?"

"बापानं."

"आणि हॉल तिकीट कुणाचं जळलं?"

"सुनेचं. पण त्यामागची वेदना..."

"वेदना बरोबर आहे. पत्ता चुकलाय."

शिऱ्या मघापासून गालातल्या गालात हसत होता. तो मालिकांमध्ये सहायक दिग्दर्शक असतो. या मालिकेत नाही, पण त्याला सगळ्यांचं सगळं कळतं, किंवा तसं तो दाखवतो. "वेदना बिदना काही नाही," तो म्हणाला. "हिरॉईन आजारी पडली असणार आणि बँक संपली असणार. बँक म्हणजे काय ते माहितीये ना? शूट करून ठेवलेले भाग. बँक संपली की चॅनल बोंबलतं. मग कुणाचं तरी बालपण काढायचं. बालपणात मेन आर्टिस्ट लागत नाहीत, नवी पोरं लागतात, एक वाडा लागतो आणि चित्र जरा पिवळं करायचं. हिरॉईन नाटकाच्या दौऱ्यावर गेली तर आम्ही दरोडेखोराचंसुद्धा बारसं दाखवू."

पक्याला हे अजिबात आवडलं नाही. त्याचं म्हणणं असं, की जगात वाईट माणूस नसतोच, दुखावलेला माणूस असतो. हे वाक्य त्याला सकाळी सूर्योदयाच्या फोटोवर आलेलं होतं, आमच्याही ग्रुपवर त्यानं ते टाकलं होतं. मग त्यानं खिशातून हुकमी पान काढलं. "शकुनी! शकुनीचं काय? त्याला आपण जन्मभर शिव्या घालतो. त्याच्या बापाचं काय झालं माहितीये?"

आणि त्यानं ती गोष्ट सांगितली. आपण सगळ्यांनी ती कुठं ना कुठं ऐकलेलीच आहे. गांधारीचं आधी बकऱ्याशी लग्न लावलं होतं, ते भीष्माला कळलं, त्यानं सुबल राजाला आणि त्याच्या शंभर पोरांना कैदेत टाकलं. रोज माणशी तांदळाचा एक दाणा. सगळ्यांनी आपापला दाणा शकुनीला दिला, कारण एक तरी जगला पाहिजे. बापानं मरताना त्याचा पाय मोडला, आठवण राहावी म्हणून. आणि बापाच्या हाडांचे फासे केले. हाडांपर्यंत येता येता पक्याचे डोळे भरले होते. वाईट वाटण्यात या माणसाचा हात कुणी धरणार नाही.

"शंभर दाणे," वैशाली म्हणाली. "चहाचा अर्धा चमचा. त्यावर शकुनी जगला?"

"अगं भावना बघ ना!"

"बघतेय. उपाशी आहे बिचारी."

आता नाना पुढे सरकले. नाना निवृत्त झाल्यापासून महाभारताचे खंड वाचतायत आणि त्याचा सूड आमच्यावर उगवतात, पण त्या दिवशी ते कामाला आले. "अरे प्रकाश," ते म्हणाले (ते एकटेच त्याला प्रकाश म्हणतात), "व्यासांच्या महाभारतात हे काहीही नाही. आदिपर्वात काय आहे? भीष्म मागणी घालतो. मुलगा आंधळा म्हणून सुबल जरा कचरतो, मग कुळाकडे बघून हो म्हणतो. शकुनी स्वतः बहिणीला घेऊन हस्तिनापूरला येतो, लग्न लावतो, भीष्माकडून मानपान घेतो आणि आपल्या गावी परत जातो. भांडारकर संस्थेची, जुन्या पोथ्या ताडून केलेली चिकित्सक आवृत्ती 1966 साली पूर्ण झाली, त्यात उघडून बघ. कैद नाही, दाणा नाही, बकरा तर नाहीच."

"संपादकांनी काढून टाकलं असेल."

"मग सभापर्वातून सुबलालाही काढायला हवं होतं! युधिष्ठिराच्या राजसूय यज्ञाला पाहुणे कोण कोण आले त्याची यादी आहे. गांधारराजा सुबल, शकुनी, अचल, वृषक. बाप आणि तीन पोरं, धडधाकट, यज्ञाला हजर. आणि ते अचल-वृषक पुढे द्रोणपर्वात लढायला उभे आहेत. दोघांना अर्जुनानं एका बाणात मारलं."

"म्हणजे कैदेत उपाशी मेलेले भाऊ युद्धात परत मेले," दिल्या म्हणाला.

"आमच्याकडे चालतं ते," शिऱ्या म्हणाला. "तेच भाऊ, पण आर्टिस्ट बदलले."

पक्या गडबडला, पण हटला नाही. लोकांनी हजारो वर्षं जपलेली गोष्ट खोटी कशी असेल, वगैरे. नानांनी तेही मान्य केलं, नाना प्रामाणिक आहेत. पंधराव्या शतकात ओडियात सारळा दासांनी महाभारत रचलं, त्यात शकुनीच्या सूडाची गोष्ट आहे, फक्त तिथं कैदेत टाकणारा भीष्म नाही, दुर्योधन आहे, असं ते म्हणाले. म्हणजे खलनायकाला फ्लॅशबॅक द्यायची खोड टीव्हीची नाही, फार जुनी आहे. टीव्हीनं फक्त बासरी लावली.

मग बराच वेळ टीव्हीवरच्या 1988 च्या महाभारतात गेला. रविवारी सकाळी शकुनी झालेला गूफी पेंटल लंगडत पडद्यावर आला की गल्लीतली पोरं दिवसभर तशीच चालायची, असं नाना म्हणाले. बी. आर. चोप्रांनी 94 भागांत अख्खं महाभारत उरकलं, यावर शिऱ्यानं हात जोडले. "आमच्याकडे 94 भागांत साखरपुडा मोडतो." दिल्यानं 2020 च्या लॉकडाऊनमध्ये ते परत बघितलं, आणि तेव्हा त्याला शकुनी पांडवांपेक्षा हुशार वाटला. यावर कुणी काही बोललं नाही. दिल्याला सगळेच आपल्यापेक्षा हुशार वाटतात.

"पण शकुनीबद्दल पक्याला एवढा कळवळा का, ते मला माहितीये," दिल्याच पुढे म्हणाला. "गणपतीतलं नाटक आठवा."

झालं. ते नाटक आमच्याकडे दर वर्षाला एकदा निघतंच. पक्या शकुनी होता. द्यूताच्या प्रवेशात त्यानं फासे असे जोरात टाकले, की एक फासा स्टेजवरून घरंगळत खुर्च्यांखाली गेला. तो सापडेपर्यंत द्यूत थांबलं. युधिष्ठिर पाणी पिऊन आला. शेवटी पहिल्या रांगेतल्या एका आजींनी फासा वर दिला आणि म्हणाल्या, "घे बाळा, सहा पडलेत."

"मला नांदीच्या वेळीच मागून धक्का दिला होता दिल्यानं, माझा खांदा दुखत होता," पक्या म्हणाला. "आणि हे मी तेव्हापासून सांगतोय."

"बघा," वैशाली म्हणाली. "फ्लॅशबॅक."

हसणं ओसरल्यावर तीच मुद्द्यावर परत आली. मला वाटलं होतं ती सोडून देईल.

"ऐक पक्या. समजा तुझी गोष्ट खरी. बाप मेला, भाऊ मेले, हाडांचे फासे, सगळं कबूल. त्याचं भांडण कुणाशी?"

"भीष्माशी. कुरुकुळाशी."

"बरं. द्यूताच्या वेळी भीष्म कुठं होता?"

"सभेतच. समोर."

"समोर बसलेला. आणि युधिष्ठिर सगळं हरल्यावर, अजून द्रौपदी शिल्लक आहे, तिला पणाला लाव, असं कोण म्हणालं?"

पक्या गप्प.

"शकुनीच म्हणाला," नानांनी पुरवलं. "सभापर्वातच आहे."

"ती कुरुकुळातली नाही. लग्न होऊन आलेली. हिच्या सासऱ्यानं याच्या बापाला कोंडलं, असंही नाही. म्हणजे बापाची हाडं हातात घेऊन हा माणूस भीष्माच्या डोळ्यांसमोर परक्या बाईला पणाला लावायला सांगतो, आणि आपण म्हणायचं, बिचाऱ्याचं फार सोसून झालंय. भीष्माचं काय गेलं? मान खाली घालून बसला, तेवढंच. काकूचंही तेच. बापाशी भांडायची हिंमत कुणात नसते. सून हाताशी असते."

"पण असं होतं की घराघरांत," दिल्या हळूच म्हणाला. "माझ्या आजीनं जे सोसलं ते आईला..."

"होतं ना. मी कुठं नाही म्हणतेय? फक्त तुझ्या आजीच्या मागं कुणी बासरी वाजवली नाही."

दिल्या यावर हसला नाही, आणि वैशालीही क्षणभर थांबली. मग शिऱ्यानं वातावरण सांभाळायला अण्णा नाईक काढले. 2016 ला 'रात्रीस खेळ चाले' ही मालिका सुरू झाली ती अण्णांच्या मरणापासून, 2019 च्या दुसऱ्या भागात मागं जाऊन त्यांना जिवंत केलं आणि लोकांनी डोक्यावर घेतलं. "अण्णांना कुणी दुःखी बालपण दिलं होतं का? माणूस सरळ नालायक. लोक त्याच्यावर खूश."

"तेच मला पटतं," वैशाली म्हणाली. "निदान रडून दाखवत नाही."

"माझ्या घरी विक्रांत सरंजामे झाला होता," दिल्या म्हणाला. "'तुला पाहते रे'मधला सुबोध भावे. बायको रोज नटून बसायची. मग कळलं की हा मुळात गजा पाटील आणि यानंच राजनंदिनीला मारलं. बायको माझ्याशी धड बोलेना. जसं काही मीच मारलं."

"गजा गरिबीतून आला होता," पक्या आशेनं म्हणाला.

"आणि त्याचा साथीदार झेंडे काय सोन्याचा चमचा घेऊन जन्मला होता?" वैशाली म्हणाली. " त्याच्या लहानपणाचं कुणी विचारलं? पक्या, फ्लॅशबॅक देखण्या माणसांनाच मिळतो. बाकीच्यांना अटक होते."

यावर पक्यानं हार मानायला हरकत नव्हती. पण नानांना राहवलं नाही. ते म्हणाले, वनपर्वात एक प्रसंग आहे. दुर्योधनाला गंधर्वांनी पकडलं, पांडवांनी सोडवलं, त्या अपमानानं तो अन्नपाणी सोडून मरायला बसला. तेव्हा शकुनी त्याला काय सांगतो? पांडवांचं राज्य त्यांना देऊन टाक आणि सुखी हो.

"बघा!" पक्या कट्ट्यावरून उडालाच. "बघा! मी म्हणत होतो! चांगला होता तो!"

"अरे, मग तुझा सूड कुठं गेला?" वैशाली म्हणाली. "कुरुकुळ बुडवायला आलेला माणूस समेट कर म्हणून सांगेल? म्हणजे बाप जिवंत, भाऊ जिवंत, घरचं सगळं ठीक. भाच्याला हवं होतं म्हणून डाव टाकला. भाचा मरायला निघाला तेव्हा म्हणाला, दे सोडून. एवढंच. मला तर हाडांच्या फाशांपेक्षा याचीच भीती जास्त वाटते. असे मामा लग्नाच्या पंगतीत शेजारी बसून आपल्याला आग्रह करत असतात."

पक्याला काही सुचेना. अडचणीत आला की तो जे करतो तेच त्यानं केलं, म्हणजे मोठ्या मनाचा झाला. म्हणाला, "तुम्ही कोरडी माणसं आहात. प्रत्येक चुकीच्या मागं एक जखम असते, आणि ती जखम समजून घेतल्याशिवाय कुणाला दोष देऊ नये, एवढंच माझं म्हणणं आहे."

"पटलं," दिल्या म्हणाला. "माझं ड्रिल मशीन कुठाय?"

सगळे एकदम गप्प. दिल्याचं ड्रिल मशीन पक्यानं पडदे लावायला म्हणून नेलं, त्यानंतर पडदे दोनदा बदलले.

"आत्ता काय त्याचं?"

"नाही, मला जखम समजून घ्यायचीये."

"थांब, मी सांगते," वैशाली म्हणाली. "याचं बालपण फार हलाखीत गेलं. घरात एकाही भिंतीला भोक नव्हतं. सगळे देव जमिनीवर."

"बापानं मरताना बोटावर हातोडी मारली," शिऱ्या म्हणाला, "आठवण राहावी म्हणून. चित्र पिवळं करा. बासरी."

"माझे वडील जिवंत आहेत!" पक्या ओरडला.

"सुबलही जिवंत होता!" नाना त्याहून मोठ्यानं ओरडले, आणि मग त्यांना ठसकाच लागला. दिल्या त्यांची पाठ चोळत होता, आणि चोळता चोळता स्वतःच हसत होता, त्यामुळे पाठीवर नुसते धपाटे बसत होते.

"देतो रे बाबा देतो," पक्या चपला शोधत म्हणाला. "पण ते आत्ता माझ्याकडे नाहीच. हिच्या भावाकडे आहे. त्यानं नेलं मागच्या दिवाळीत."

"कुणी नेलं?"

"हिच्या भावानं. म्हणजे पोरांच्या मामानं."