मेइको काजीला कुणी ‘शोधून काढलं’ नाही

जपानी सूडपटांचा विषय निघाला की एक मजकूर हमखास फिरतो. मेइको काजी ही ‘अंडरग्राउंड’ सिनेमातली नटी. डोळे रोखून गप्प उभं राहण्यापलीकडे तिला फारसं काही करावं लागलं नाही. १९७४नंतर ती विस्मरणात गेली आणि २००३ मध्ये ‘किल बिल’ काढून अमेरिकन दिग्दर्शक क्वेंटिन टॅरँटिनोनं तिला पुन्हा उजेडात आणलं. यातलं एकही विधान टिकत नाही.

आधी ‘अंडरग्राउंड’बद्दल. मासाको ओता या खऱ्या नावानं तिनं १९६५ मध्ये निक्कात्सु स्टुडिओत सुरुवात केली. १९७१ मध्ये निक्कात्सु ‘रोमान पोर्नो’ या कामपटांकडे वळला, तेव्हा ती तिथून बाहेर पडली. पुढची तिची ‘सासोरी’ ही सूडपटांची मालिका तोएईची, तर ‘लेडी स्नोब्लड’ (१९७३) प्रदर्शित केला तोहोनं. हे जपानचे बडे स्टुडिओ. त्यांचे सिनेमे गल्लाभरू होते म्हणा हवं तर. चोरूनमारून दाखवले जाणारे नव्हते.

गप्प राहण्याचा आरोप मला सगळ्यात जास्त खटकतो, कारण ते मौन तिनं स्वतः मागून घेतलं होतं. ‘सासोरी’ ज्या मांगावर, म्हणजे जपानी चित्रकथेवर, आधारलेली आहे, त्यातली नायिका शिवराळ आहे. ती भाषा बोलायला काजी तयार नव्हती. नायिकेनं जवळजवळ बोलूच नये, असं तिनं सुचवलं आणि दिग्दर्शक शुन्या इतोनं ते मानलं. प्रियकर असलेल्या पोलिसानंच फसवलेली, तुरुंगात छळ सोसणारी ही नायिका, मात्सु, नुसत्या नजरेवर उभी राहते ती या निर्णयामुळे.

आणि तिला बोलताना ऐकायचं असेल तर ‘सोनेझाकी शिंजू’ (१९७८) पाहा. नाटककार चिकामात्सुच्या १७०३ सालच्या बाहुलीनाट्यावरचा, दिग्दर्शक यासुझो मासुमुराचा हा सिनेमा. यातली ओहात्सु ही गणिका थांबतच नाही. प्रेम, अब्रू, मरण, सगळं ती ठासून बोलते. या भूमिकेसाठी काजीला किनेमा जुम्पो आणि ब्लू रिबन, दोन्हींचे सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पुरस्कार मिळाले. बड्या स्टुडिओंबाहेरच्या प्रायोगिक सिनेमाला बळ देणारी आर्ट थिएटर गिल्ड ही संस्था या निर्मितीत होती. म्हणजे तिला ‘अंडरग्राउंड’ म्हणायचंच, तर ते या सिनेमासाठी म्हणावं; आणि त्या मजकुरात नेमकं याचंच नाव नसतं.

विस्मरणाचं म्हणाल, तर १९७६ मध्ये ती दिग्दर्शक फुकासाकुच्या ‘याकुझा ग्रेव्हयार्ड’ या सिनेमात होती. १९८९ पासून फुजी टीव्हीच्या ‘ओनिहेई हान्काचो’ मालिकेत तिनं ओमासा साकारली. पूर्वी चोरांच्या टोळीत असलेली ही बाई आता पोलिसप्रमुखासाठी हेरगिरी करते. आधी नियमित भाग, नंतर विशेष भाग, असं ते २०१६ पर्यंत चाललं.

टॅरँटिनोनं तिनं गायलेली ‘शुरा नो हाना’ आणि ‘उरामी बुशी’ ही गाणी ‘किल बिल’मध्ये घेतली. त्यामुळे पाश्चात्त्य प्रेक्षक तिच्यापर्यंत पोचला, हे खरंच आहे. जपानी प्रेक्षक मात्र तेव्हा तिला ओमासा म्हणून चौदा वर्षं ओळखत होता.